गावरान गाण्याचें माप

सुशिक्षित मराठी कुटुंबांत लोकसंगीताविषयीं जितका आदर बोलून दाखविला जातो, तितका फारच थोड्या गोष्टींविषयीं दाखविला जात असेल. व्याख्यानांत ओवी येते, परिसंवादांत गोंधळ येतो, शाळेच्या संमेलनांत कोळ्यांचा नाच येतो. परंतु हें गाणें ज्यांचें आहे त्यांनींच तें स्वतःच्या गळ्यानें, स्वतःच्या बोलींत आणि स्वतःच्या नांवानें ध्वनिमुद्रित करून बाजारांत आणलें, म्हणजे हा आदर एकाएकीं कोठें लुप्त होतो, हा प्रश्न आम्हांस वाचकांपुढें ठेवावयाचा आहे. आमचें मत असें कीं, आपल्याला लोकसंगीत हवें असतें, पण त्यांतले लोक नको असतात; आणि आपल्या या आवडीची किंमत गाणाऱ्यांना मोजावी लागते.

नागपूरच्या कळमना येथील बाजारआवारांत आंबिया आणि मृग या दोन्ही बहारांचीं संत्रीं येतात. फळ काटोलचें, नरखेडचें किंवा त्याहूनही लांबच्या बागेंतलें. पण बाजाराबाहेर पडलें कीं तें ‘नागपुरी’ होतें. तरीसुद्धां तेथें फळाची प्रत पाहिली जाते, लिलाव पुकारला जातो, आणि माल कोणाचा हें अडत्याच्या वहींत लिहिलेलें असतें. २०१४ सालीं तर नागपुरी संत्र्यास भौगोलिक निर्देशनाची सरकारी नोंदही मिळाली. आतां त्याच आवाराबाहेर उभ्या असलेल्या मालमोटारींत जें गाणें वाजतें, तें कोणीं रचिलें, ढोलकीवर कोण होता, हें कोणासही विचारून पहा. संत्र्याला जी वही आहे ती गाण्याला नाहीं. ही वही ठेवण्याचें काम टीकाकारांचें व वाङ्मयीन मासिकांचें होतें, आणि तें आपण केलेलें नाहीं.

हा प्रकार कसा घडत गेला तें पाहूं. १९०२ सालीं गेसबर्ग कलकत्त्यास आला व हिंदुस्थानांत ध्वनिमुद्रणाचा व्यवसाय सुरू झाला. त्या तबकडीच्या एका बाजूस सुमारें तीन मिनिटें मावत. ख्यालगायकांनीं मोठ्या कौशल्यानें राग तेवढ्यांत बसविला. पण विदर्भातील खडी गंमत रात्रभर उभी राहणारी, कलगी-तुऱ्याचे सवालजबाब पहाटेपर्यंत चालणारे. तीं त्या चाकोरींत मावणार कशीं? जें मावलें नाहीं तें विकलें गेलें नाहीं, आणि जें विकलें गेलें नाहीं तें सुशिक्षितांच्या दृष्टीनें अस्तित्वांतच नव्हतें. पुढें १९८० च्या सुमारास कॅसेट आली. तिचा खर्च अल्प, त्यामुळें ग्रामोफोन कंपनीची जवळजवळ एकछत्री सत्ता मोडली आणि लहान लहान निर्माते उभे राहिले. प्रल्हाद शिंदे यांचीं विठ्ठलाचीं गाणीं आणि भीमगीतें घरोघर गेलीं. आनंद शिंदे यांचें पोपटाचें गाणें त्या दशकांत महाराष्ट्रभर गाजलें. या कॅसेटांच्या युगावर पीटर मॅन्युएल या अमेरिकन संशोधकानें १९९३ सालीं सबंध ग्रंथ लिहिला. आपल्या मासिकांतून मात्र त्याच वर्षांत कवितेच्या दोनशे-तीनशे प्रती निघालेल्या संग्रहांचीं सविस्तर परीक्षणें येत होतीं, आणि लाखों कानांपर्यंत पोंचलेल्या कवितेविषयीं क्वचितच एखादी ओळ आढळे.

असें सर्वत्रच होतें, असें कोणी म्हणेल. अमेरिकेंतही झालें, पण तेथें पुढें काय झालें तेंही पाहावें. १९२३ सालीं अटलांटा येथें राल्फ पीर या कंपनीच्या प्रतिनिधीनें जॉन कार्सन नांवाच्या फिडलवाल्याचें गाणें मुद्रित केलें. पीरला तें गाणें अगदींच टाकाऊ वाटलें. लाकडी सामानाचा एक स्थानिक व्यापारी पांचशे तबकड्या घेण्यास तयार होता, म्हणून तेवढ्याच काढल्या, आणि त्यांवर कंपनीच्या यादींतला क्रमांकही घातला नाहीं. त्या पाहतां पाहतां संपल्या! ज्याला गाणें कळत होतें तो तज्ज्ञ चुकला. ज्याला गिऱ्हाईक कळत होतें तो व्यापारी बरोबर निघाला. १९२७ सालीं हाच पीर व्हिक्टर कंपनीतर्फे ब्रिस्टल गांवीं गेला आणि कार्टर कुटुंब व जिमी रॉजर्स यांचीं गाणीं त्यानें मुद्रित केलीं. आपल्या आजोबांच्या तबकड्यांवर भोंग्यासमोर बसलेला जो कुत्रा असे, तोच व्हिक्टरच्याही तबकड्यांवर होता. ‘हिलबिली’ म्हणजे डोंगरी गांवढळ, हें त्या संगीताचें व्यापारी नांव. १९४९ सालीं तेथील प्रमुख व्यापारी पत्रानें ‘कंट्री अँड वेस्टर्न’ हें नांव स्वीकारलें. नांव बदललें तशी प्रतिष्ठाही वाढली.

पण या कथेंत एक काळी बाजू आहे, आणि आपल्याला ती अधिक उपयोगाची आहे. ए. पी. कार्टर डोंगराडोंगरांतून गाणीं गोळा करीत हिंडे, तेव्हां लेस्ली रिडल नांवाचा कृष्णवर्णी गिटारवादक त्याच्याबरोबर असे. कार्टर शब्द टिपून घेई, रिडल चाल ध्यानांत ठेवी. तबकड्यांवर कार्टरचें नांव आलें, प्रकाशनाचा हक्क पीरच्या हातीं राहिला, रिडलचें नांव कोठेंच आलें नाहीं. त्या घटनेस शंभर वर्षें होत आलीं. २०२४ सालीं बियॉन्से या कृष्णवर्णी गायिकेनें ‘काउबॉय कार्टर’ हा संग्रह काढला, तेव्हां कंट्री संगीताच्या प्रमुख संघटनेनें त्या वर्षीं आपल्या पारितोषिकांसाठीं त्याचें साधें नामांकनही केलें नाहीं. आणि २०२५ च्या फेब्रुवारींत त्याच संग्रहास ग्रॅमीचें वर्षांतील सर्वोत्कृष्ट संग्रहाचें पारितोषिक मिळालें. एखादें संगीत कोणाचें, हा वाद सुरांचा असतो असें आपण समजतों. बहुधा तो प्रवेशद्वारावर कोण उभा आहे याचा असतो.

आतां आपल्याकडील आक्षेप घेऊं. पहिला आक्षेप असा कीं, हीं गाणीं ग्राम्य, प्रसंगीं अश्लील असतात. कांहीं असतात, यांत संशय नाहीं. परंतु रामजोशी आणि होनाजी बाळा यांच्या लावण्यांविषयीं याच शब्दांत बोलणारे लोक होऊन गेले, आणि आज त्याच लावण्यांवांचून मराठी कवितेचा इतिहास लिहितां येत नाहीं. शिवाय चांगलें आणि वाईट निवडावयाचें कोणीं? परीक्षकानें पाठ फिरविली कीं निवड केवळ खपावर होते, आणि मग खपानें रुचि बिघडविली म्हणून तोच परीक्षक गळा काढतो. ज्या घराण्यानें पोपटाचें गाणें दिलें त्याच घराण्यानें विठ्ठलाचें दिलें आणि बाबासाहेबांचेंही दिलें. एका गाण्यासाठीं तिघांनाही वाळीत टाकणें ही टीका नव्हे, आळस आहे.

दुसरा आक्षेप मुद्रणाच्या निकृष्टतेचा. डफ आणि तुणतुणें जाऊन त्यांच्या जागीं विजेची पेटी आली, तिनें सगळे ठेके सारखे केले, ही तक्रार आम्हांसही मान्य आहे. पण ही पेटी गायकाच्या हौसेनें आली असें समजूं नये. ध्वनिमुद्रणगृहाचें भाडें तासावर असतें. चार वादकांचा मेहनताना वांचविण्यासाठीं निर्माता एक पेटीवाला बसवितो. ज्या मालाला प्रतिष्ठा नाहीं त्यावर कोण भांडवल घालणार? आपण दिलेल्या अवहेलनेचाच हा परिणाम असतां, तोच परिणाम अवहेलनेचें कारण म्हणून पुढें करणें न्यायाचें नाहीं.

१९७७ चा ‘जैत रे जैत’ आठवावा. ठाकरांच्या जीवनावरील गो. नी. दांडेकरांची कादंबरी, ना. धों. महानोरांचीं गीतें, हृदयनाथ मंगेशकरांचें संगीत. तें काम उत्कृष्टच आहे. महानोर तर स्वतः शेतांत राबलेले कवि. आमचा आक्षेप त्या कलाकृतीवर मुळींच नाहीं. आक्षेप आहे तो आपल्या कानांवर. रानांतला सूर नामवंत गळ्यांतून व नामवंत संगीतकाराच्या हातून आला तेव्हां आपण त्यास लोकसंगीत म्हणून डोक्यावर घेतलें. तोच सूर मूळच्या गळ्यांतून आला असतां आपण त्यास गोंगाट म्हणालों. ऐकण्याचें हें दुहेरी माप आपण कधीं तपासणार?

तिसरा आक्षेप दिसतो साधा, पण सर्वांत घातक आहे. लोकगीताला कर्ता नसतो, तें परंपरेचें असतें, असें म्हणतात. जात्यावरच्या ओवीविषयीं हें खरें असेल. परंतु शाहिरानें व भीमगीतकारानें शेवटच्या कडव्यांत आपलें नांव गुंफण्याची चाल आहे. संतांच्या अभंगांतील नाममुद्रेचीच ती परंपरा. वामनदादा कर्डकांनीं प्रौढ वयांत अक्षरें गिरविलीं आणि हजारों गाणीं रचिलीं. शेवटच्या कडव्यांत ‘वामन’ आहे म्हणूनच त्यांतलीं कित्येक आज त्यांचीं म्हणून ओळखूं येतात. गाणें छाटण्याची वेळ आली कीं कात्री प्रथम या शेवटच्या कडव्यावर पडते, कर्ता नाहींसा होतो, आणि वेष्टणावर ‘पारंपरिक’ हा शब्द छापला जातो. १९५७ च्या स्वामित्वहक्काच्या कायद्यांत २०१२ सालीं दुरुस्ती होऊन गीतकारास, संगीतकारास व गायकास गाण्याच्या पुढील उत्पन्नांत वांटा मिळाला आहे. पण ‘पारंपरिक’ या एका शब्दानें तो वांटा जागच्या जागीं बुडतो. ठोक रक्कम घेऊन गाणें विकून टाकलेल्या शाहिराच्या म्हातारपणाचा प्रश्न येथें आहे.

हें सर्व नागपुरांत विशेष जाणवावें अशी स्थिति आहे. येथील विद्यापीठ १९२३ सालचें. २००५ पासून तें राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांचें नांव धारण करितें, म्हणजे खंजिरीवर भजन म्हणणाऱ्या एका लोकगायकाचें नांव प्रत्येक पदवीपत्रावर आहे. येथील दीक्षाभूमीवर धम्मचक्र प्रवर्तनाच्या दिवशीं पुस्तकांच्या जोडीनें गाण्यांचीं दुकानें लागतात. २०१० च्या नोव्हेंबरांत शाहीर विठ्ठल उमप यांनीं याच शहरीं देह ठेविला. इतका वारसा ज्या नगरास आहे, तेथें खडी गंमतीची एक अख्खी रात्र, न छाटतां, गायक-वादक-रचनाकार यांच्या नांवगांवासह मुद्रित करून ठेवणें अवघड कां असावें?

आमच्या मागण्या तीनच आहेत. मासिकांनीं गावरान गाण्यांच्या संग्रहांचें परीक्षण कवितासंग्रहाच्या परीक्षणाइतक्याच कसोशीनें करावें. वाईटास वाईट म्हणावें, पण ऐकून म्हणावें. ध्वनिमुद्रण काढणाऱ्यांनीं गायक, रचनाकार आणि प्रत्येक वादक यांचें नांव व गांव छापावें, आणि शेवटचें कडवें कापूं नये. आणि वाचकांनीं, ज्यांच्या घरीं अभंगांच्या व नाट्यगीतांच्या ध्वनिमुद्रिका आदरानें जपल्या जातात त्यांनीं, पुढच्या वेळीं लोकसंगीताचें कौतुक करण्यापूर्वीं आपल्या घरांत एका तरी जिवंत शाहिराचें गाणें दाम मोजून आणलें आहे काय, हें पाहावें. नसेल, तर तें कौतुक तूर्त मनांतच ठेवलेलें बरें.