मृतांना हाक मारणारी विद्या : 'अर्थसी'तील जादूचा विचार

अद्भुतकथेत जादू आली की ती कशाचे तरी प्रतीक आहे असे सांगून मोकळे होण्याची सवय मराठी समीक्षेला, आणि त्याहून अधिक वर्गातील अध्यापनाला, जडलेली दिसते. छाया म्हणजे नेणीव, राक्षस म्हणजे वासना, असे कोष्टक उत्तरपत्रिकेत सोयीचे ठरते. मात्र ती जादू कशी चालते, तिच्यावर कोणते निर्बंध आहेत आणि तिची किंमत कोण मोजतो, हे प्रश्न अशा वाचनात उद्भवतच नाहीत. वस्तुतः चांगल्या अद्भुतकथेची विचारदृष्टी याच तपशिलात वसते. अमेरिकन लेखिका अर्सुला ले ग्विन (१९२९-२०१८) यांची 'अर्थसी' ही कादंबरीमाला या दृष्टीने वाचण्याजोगी आहे.

'अर्थसी' हे बेटांचे जग आहे. तेथे प्रत्येक वस्तूला आणि व्यक्तीला आदिभाषेतील एक खरे नाव असते. ते ज्याला ठाऊक, त्याची त्या वस्तूवर सत्ता चालते. (संतपरंपरेतील नाम हे शरणागतीचे साधन आहे, येथील नाम हे पकड बसवण्याचे. केवळ शब्दसाम्यावरून या दोहोंची तुलना करण्याचा मोह अभ्यासकाने टाळलेला बरा.) परंतु या सत्तेला समतोलाचे बंधन आहे. खड्याचा हिरा झाल्याचा भास निर्माण करणे हा खेळ झाला. खडा खरोखरच पालटणे म्हणजे जगात फेरफार करणे. म्हणूनच ओगियन हा थोर जादूगार पाऊस आला तर तो मंत्राने दूर न सारता निमूटपणे भिजत राहतो. शिष्य गेड याला हे दुबळेपणाचे लक्षण वाटते.

या विद्येच्या शाखांपैकी सर्वांत धोकादायक शाखा म्हणजे मृतांचे आवाहन. १९६८च्या पहिल्या कादंबरीत रोक बेटावरील विद्यापीठात शिकणारा गेड एका सहाध्यायाच्या टोमण्याने चिडून, हजार वर्षांपूर्वी मरण पावलेल्या एल्फॅरनला हाक मारतो. ती क्षणभर दिसते. पण त्या फटीतून एक निनावी छायाही आत येते. फट बुजवताना वृद्ध कुलगुरू नेमर्ल यांचे प्राण खर्ची पडतात. अपराध एका विद्यार्थ्याचा आणि मरण गुरूचे, ही विषमता प्रतीकवादी वाचनात पार पुसली जाते. छायेचा अर्थ लावण्यात गुंतलेल्या वाचकाला नेमर्ल आठवतही नाही.

१९७२च्या 'द फार्दस्ट शोअर'मध्ये हाच धोका जगभर पसरतो. कॉब नावाचा जादूगार पैसे घेऊन मृतात्म्यांना हजर करीत असे. संतापलेल्या गेडने त्याला बळाने मृतांच्या कोरड्या प्रदेशाच्या भिंतीपर्यंत ओढत नेले होते. त्या भयातून कॉब धडा घेत नाही. तो मरणच नाकारण्याचा मार्ग शोधतो आणि दोन जगांमधील दार उघडे ठेवतो. यानंतर जे घडते त्याचे चित्रण हा या कादंबरीचा गाभा होय. आकाश कोसळत नाही. बाजारातला माल निकृष्ट होतो, रेशीम रंगवणारी स्त्री आपली कला गमावून बसते, समुद्रावर तराफ्यांवर राहणाऱ्या लोकांचे गायक ऐन उत्सवाच्या रात्री गाणेच विसरतात. ज्या जगात जादू म्हणजे नावे जाणणे, तेथे मरणाला नकार देताच भाषा झिजू लागते. कॉबला स्वतःचे नावही उरत नाही. अमरत्वाच्या मोबदल्यात माणसाने काय दिले, हे एखाद्या तत्त्वचर्चेपेक्षा ते विसरलेले गाणे अधिक नेमकेपणाने सांगते.

येथे महाभारताच्या आदिपर्वातील संजीवनी विद्या आठवणे अपरिहार्य आहे. शुक्राचार्यांची ती विद्या मृत असुरांना पुन्हा रणांगणात उभे करते. मृत परतल्याने विश्वनियम मोडला अशी तक्रार त्या कथेत कोणी करीत नाही. तक्रार आहे ती विद्या एकाच पक्षाकडे असल्याची. किंमत मोजावी लागते ती देहाने आणि नात्याने. कच बाहेर यावा म्हणून गुरूचे पोट फाटते आणि देवयानीच्या शापामुळे ती विद्या स्वतः कचाला फळत नाही, त्याने शिकवलेल्याला मात्र फळते. इतका काटेकोर नियम असलेली ही विद्या मराठीत आली ती प्रामुख्याने अन्य विषयांच्या आश्रयाने. खाडिलकरांच्या 'विद्याहरण'मध्ये (१९१३) मद्यपानाचा अनर्थ केंद्रस्थानी आहे; खांडेकरांच्या 'ययाति'त (१९५९) भोगलालसा. या कृतींचे मोल त्यामुळे उणावत नाही. परंतु संजीवनी ही स्वतंत्र विचारवस्तू म्हणून चर्चेत फारशी आली नाही, यात प्रतीके शोधण्याच्या सवयीचा वाटा मोठा आहे.

ले ग्विन यांचे वेगळेपण असे की, स्वतः घालून दिलेला नियमही त्यांनी पुढे तपासला. १९९०च्या 'तेहानू'त, कॉबने उघडलेले दार बंद करण्यात सारी शक्ती गमावलेला गेड घरकामात रमू लागतो आणि रोकच्या विद्येतून स्त्रिया का वगळल्या गेल्या, हा प्रश्न उभा राहतो. २००१च्या 'द अदर विंड'मध्ये तर तो कोरडा प्रदेशच मुळात एका जुन्या चोरीचे फळ ठरतो. मरणोत्तर अस्तित्व टिकवण्यासाठी पूर्वीच्या जादूगारांनी ड्रॅगनांच्या मुलखाचा एक भाग मंत्राने बळकावला होता. भिंत घालताच तेथला वारा थांबला. म्हणजे गेडने ज्या मर्यादेचे रक्षण केले, ती मर्यादाही एका प्राचीन कॉबवृत्तीतून आलेली होती. अखेरीस ती भिंत दगड-दगड करून उतरवली जाते. या कामी पुढे असतो आल्डर, फुटकी भांडी सांधणारा एक सामान्य मांत्रिक, ज्याची मृत पत्नी स्वप्नात त्या भिंतीपलीकडून त्याला हाक मारीत आलेली असते. पहिल्या कादंबरीत जिवंत माणूस मृताला बोलावतो आणि अनर्थ होतो. येथे हाक उलट दिशेने येते आणि तिला ओ देणे हेच योग्य ठरते. पहिली कादंबरी एकटीच अभ्यासक्रमाला लावून 'मुलाच्या प्रौढ होण्याची कथा' म्हणून ती शिकवली, तर हा उलटलेला अर्थ विद्यार्थ्यापर्यंत पोहोचण्याचा संभवच नाही.