जॉन्सन गेले, ठाकरे गेले; मतदार कुठे होता?

३० जून २०२२ ला ठाण्याचे एकनाथ शिंदे मुख्यमंत्री झाले. आठवडाभरात, ७ जुलैला, लंडनमध्ये पंतप्रधान बोरिस जॉन्सन यांनी राजीनामा जाहीर केला. उद्धव ठाकरे असोत की जॉन्सन, दोघांनाही घरच्याच माणसांनी घालवलं. पण पद्धत बघा.

जॉन्सन यांच्यावर ६ जूनला त्यांच्याच खासदारांनी गुप्त मतदान केलं: २११ बाजूने, १४८ विरोधात. तेव्हा वाचले. ५ जुलैला साजिद जाविद आणि ऋषी सुनक यांनी मंत्रिपद सोडलं, मग राजीनाम्यांची रांगच लागली. (जाविद पाकिस्तानातून आलेल्या बस ड्रायव्हरचे चिरंजीव, आपले शिंदेही रिक्षा चालवायचे.) पक्ष मात्र कुणी सोडला नाही.

आपल्याकडे आमदार सुरतमार्गे गुवाहाटीला. १९८५ च्या पक्षांतरबंदी कायद्यामुळे एकट्याने पक्षाविरोधात मत दिलं तर आमदारकी जाते. म्हणून नाराजांना मोठा गट जमवावा लागतो. किरकोळ फूट थांबली, घाऊक सुरू झाली.

तिकडेही सगळं गोड नव्हतं. लिझ ट्रस यांना पक्षाच्या सदस्यांनी निवडलं, त्या ४९ दिवस टिकल्या. सुनकही जनतेला न विचारताच आले. ब्रिटिश मतदाराची पाळी आली ४ जुलै २०२४ ला, आपली २० नोव्हेंबरला.

आणि ठाणे-कल्याणकरांचं काय? कल्याण-डोंबिवली पालिकेची मुदत २०२० मध्येच संपलेली, ठाण्याची मार्च २०२२ मध्ये. दोन्हीकडे निवडणूक झाली थेट जानेवारी २०२६ मध्ये. तोवर मुंब्र्यात गटार तुंबलं, तर गाठायला नगरसेवकच नव्हता.