निलंबन आणि दोषारोपपत्र यांमधील काळ : नाशिकच्या विभागीय आयुक्तांना खुले पत्र

प्रति,
मा. विभागीय आयुक्त, नाशिक विभाग, नाशिक रोड

नाशिक, अहिल्यानगर, धुळे, जळगाव आणि नंदुरबार या पाच जिल्ह्यांतील जिल्हा परिषदांच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांनी दिलेल्या शिक्षेच्या आदेशांवरील अपिले विभागीय आयुक्तांपुढे येतात. त्यामुळे सुरगाण्याच्या ग्रामसेवकाला किंवा अक्कलकुव्याच्या आरोग्य सेवकाला न्यायालयाच्या पायरीपर्यंत जावे लागण्याआधी दाद मागण्याची जागा हीच असते, आणि म्हणूनच हे पत्र आयुक्त महोदयांना उद्देशून आहे.

जिल्हा परिषदेच्या सेवकांना 1964 चे, तर राज्य शासनाच्या सेवकांना 1979 चे शिस्त व अपील नियम लागू आहेत. 1979 च्या नियमांत ठपका ठेवण्यापासून बडतर्फीपर्यंतच्या शिक्षा नोंदवलेल्या आहेत, पण त्यांत निलंबन नाही. निलंबन म्हणजे चौकशीत अडथळा येऊ नये म्हणून कर्मचाऱ्याला कामापासून तात्पुरते दूर ठेवणे. मात्र दोषारोपपत्र, म्हणजे आरोपांचा तपशील आणि कागदपत्रांची व साक्षीदारांची यादी असलेला दस्तऐवज, महिनोन्‌महिने मिळाला नाही, तर हे तात्पुरते दूर ठेवणेच प्रत्यक्षात शिक्षा होऊन बसते, आणि तीही आरोप न सांगता दिलेली. सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्ये अजय कुमार चौधरी खटल्यात तीन महिन्यांत दोषारोपपत्र न दिल्यास निलंबन पुढे चालू ठेवू नये, आणि ते दिले असल्यास मुदतवाढीची कारणे लेखी नोंदवावीत, असे स्पष्ट केले. महाराष्ट्र शासनाने 9 जुलै 2019 च्या शासन निर्णयाने ते तत्त्व स्वीकारले.

निलंबित कर्मचाऱ्याला मिळणारा निर्वाह भत्ता, म्हणजे सुरुवातीला साधारण निम्म्या वेतनाइतकी रक्कम, ही काही मेहेरबानी नाही. महाराष्ट्रातील एका जुन्या नियमानुसार फौजदारी खटल्यात दोषी ठरून अपिलाची वाट पाहणाऱ्या निलंबित सेवकाला दरमहा अवघा एक रुपया मिळत असे. 1983 मध्ये महाराष्ट्र शासन विरुद्ध चंद्रभान या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ती तरतूद घटनाबाह्य ठरवली, कारण ज्याला पोटापुरतेही मिळत नाही त्याला दिलेली बचावाची संधी केवळ कागदावर उरते. त्याच वर्षी मुंबई बंदर विश्वस्त मंडळाच्या प्रकरणात, मंडळाची बाजू कायद्याचे शिक्षण घेतलेले अधिकारी मांडत असताना कर्मचाऱ्याला मात्र वकील नाकारण्यात आला होता, आणि ती चौकशी न्यायालयाने नैसर्गिक न्यायाच्या विरुद्ध ठरवली. दोन्ही निकाल याच राज्यातल्या प्रकरणांतले आहेत, आणि चौकशीतील दोन बाजूंची ताकद सारखी नसते हे वास्तव त्यांनी ओळखले.

ही विषमता कागदपत्रांबाबत सर्वाधिक जाणवते. कर्मचाऱ्याचा बचाव ज्या नोंदवह्या, प्रमाणके आणि मोजमाप पुस्तकांवर अवलंबून असतो, त्या सगळ्या त्याला दूर ठेवले गेले त्याच कार्यालयाच्या कपाटात असतात. आरोप तयार करणारे, चौकशी अधिकारी नेमणारे आणि शासनाची बाजू मांडणारा सादरकर्ता अधिकारी निवडणारेही त्याच यंत्रणेतले असतात. अशा स्थितीत मागितलेले कागद न देता किंवा साक्षीदारांची उलटतपासणी होऊ न देता पूर्ण केलेली चौकशी पुढे न्यायालयात टिकत नाही, आणि मग खरोखर अपहार केलेला माणूसही कार्यपद्धतीच्या दोषामुळे सुटतो. जनतेच्या पैशाची काळजी असणाऱ्या प्रत्येकाने निर्दोषांच्या छळाइतकीच ही हानीही गंभीर मानायला हवी.

राज्यघटनेच्या अनुच्छेद 311 मध्ये शिक्षा ठरवण्याच्या टप्प्यावर पूर्वी असलेली म्हणणे मांडण्याची दुसरी संधी 1976 च्या 42 व्या घटनादुरुस्तीने काढून टाकली. त्यामुळे शिक्षेपूर्वी चौकशी अहवालाची प्रत देऊन त्यावर म्हणणे मांडू देण्याला, जे सर्वोच्च न्यायालयाने 1993 मध्ये करुणाकर खटल्यात आवश्यक ठरवले, फार मोठे मोल आले आहे.

म्हणून आयुक्त महोदयांनी पाचही जिल्हा परिषदांकडून प्रत्येक निलंबनाची तारीख, दोषारोपपत्र बजावल्याची तारीख आणि निर्वाह भत्ता अखेरचा दिल्याची तारीख दर तिमाहीला मागवावी, आणि तीन महिने उलटूनही दोषारोपपत्र नसलेल्या प्रकरणांत संबंधित अधिकाऱ्याकडून लेखी खुलासा घ्यावा. अपिलावर निर्णय देताना कागद दिले होते काय, उलटतपासणी झाली काय आणि अहवालाची प्रत मिळाली काय, याची उत्तरे आदेशातच नोंदवावीत; एका ओळीत अपील फेटाळणारा आदेश, तो अंती बरोबर असला तरी, कर्मचाऱ्याला त्याचे म्हणणे कुठे तोकडे पडले हे सांगत नाही, आणि पुढील न्यायाधिकरणाला किंवा न्यायालयालाही त्यातून काही हाती लागत नाही.