या आठवड्यात लाईट दिवसा की रात्री?

रात्री नऊला कानात इअरफोन, हातात चहा आणि होस्टेलच्या रस्त्यावर एकट्यानेच मारलेली चक्कर. पुण्यात शिकत असाल तर तुमची दिवसातली खरी शांत वेळ हीच, नाही का?

आता जुन्नर-आंबेगावकडच्या वर्गमित्राला विचारा, सुट्टीत घरी गेल्यावर तो अशी चक्कर मारतो का. ऊस लागून असलेल्या वस्तीवर अंधार पडला की अंगण रिकामं होतं. एसटीच्या थांब्यावर न्यायला कुणीतरी गाडी घेऊन येतं. इअरफोन तर नाहीच, उलट मोबाईलवर मोठ्याने गाणी लावायची. कारण बिबट्या.

कुकडी प्रकल्पाची पाच धरणं झाली, कालवे आले, ऊस वाढला. वर्ष-दीड वर्ष उभं राहणारं हे पीक म्हणजे बिबट्याला आडोसा, पाणी आणि आसपास कुत्री-शेळ्यांची सोय. पिल्लंही उसातच जन्मतात. त्यांना 'जंगलात सोडा' म्हणणं सोपंय, पण त्यांनी जंगल पाहिलंय कुठे? माणिकडोहचं निवारा केंद्र तरी किती पुरणार?

२०२५च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये शेजारच्या शिरूर तालुक्यातल्या पिंपरखेड परिसरात तीन आठवड्यांत तिघांचा जीव गेला, त्यात दोन लहान मुलं. लोकांनी मंचरजवळ पुणे-नाशिक महामार्ग अडवला. मग टीव्हीवर चर्चा सुरू झाली ती पिंजरे, नसबंदी आणि गोळीची.

मला खटकतं ते वेगळंच. शेतीपंपाला थ्री-फेज वीज काही दिवस रात्री मिळते. म्हणजे दारं लावून बसा म्हणायचं आणि त्याच घरातल्या माणसाने बॅटरी घेऊन उसात पाणी भरायला जायचं! वाकून बारं देणारा माणूस बिबट्याला माणूस वाटेलच असं नाही. दिवसा वीज देण्यासाठी सौर कृषी वाहिनी योजनेचा दुसरा टप्पा २०२३ला सुरू झाला. मग बिबट्याचे तालुके त्यात सगळ्यात आधी का नकोत? दिवसाही हल्ले झालेत, हे मान्य. त्यामुळे पिंजरे लागतीलच. पण पिंजऱ्यात एक बिबट्या सापडतो. दिवसाची वीज अख्ख्या गावाला रात्री घरात ठेवते.

पुढच्या सुट्टीत मित्राच्या गावी गेलात तर किल्ल्यावर जाण्याआधी त्याच्या बाबांना एवढंच विचारा, या आठवड्यात लाईट दिवसा आहे की रात्री?