'नाटकी' ही शिवी नव्हे

फ्रेंच दिग्दर्शक मार्सेल कार्ने यांचा 'ले आँफाँ द्यू पारादी' नुकताच पुन्हा मोठ्या पडद्यावर पाहायला मिळाला. दिवे लागले आणि चर्चा सुरू झाली. पहिले बोलले ते एक अभ्यासू गृहस्थ. त्यांचं म्हणणं असं : हा चित्रपट नव्हेच, कॅमेरा समोर ठेवून केलेलं नाटक आहे. तीन तासांहून जास्त वेळ पात्रं नुसती बोलतात. नायिका म्हणजे पुरुषांच्या स्वप्नातली बाई. आणि पॅरिसवर जर्मन फौजांचा अंमल असताना या मंडळींना शंभर वर्षांपूर्वीच्या प्रेमकथा सुचतात! शेवटी त्यांनी सगळ्याचा निकाल एका शब्दात लावला : "नाटकी." सभागृहात माना डोलल्या. माझी डोलली नाही, आणि त्या रात्री मला झोपही धड लागली नाही.

किरकोळ आक्षेप आधी बाजूला करतो. लांबी : जर्मनधार्जिण्या व्हिशी राजवटीत चित्रपटाच्या लांबीवर मर्यादा होती, म्हणून तो दोन भागांत बांधला गेला. एवढं तरी अभ्यासू माणसाला माहीत असावं. पलायनवाद : नेपथ्यकार अलेक्झांद्र त्राउनेर आणि संगीतकार जोझेफ कोस्मा हे दोघे ज्यू होते आणि लपून राहून या चित्रपटाचं काम करत होते. त्यांना पळपुटे म्हणायचं धाडस कोणाला होत असेल तर त्याने खुशाल म्हणावं. स्वप्नातली बाई : नायिका गारान्सची भूमिका करताना आर्लेतीचं वय पंचेचाळीसच्या घरात होतं. चित्रपटातले चार पुरुष तिला आपली करू पाहतात आणि ती कोणाचीच होत नाही. असं स्वप्न पुरुषांना पडत असेल असं मला वाटत नाही.

आता मुख्य मुद्दा. 'नाटकी' हा शब्द आपल्याकडे फार जुन्या भांडणातून आला आहे. बोलपट आले तेव्हापासून आपले विद्वान चित्रपटाला नाटकापासून सोवळं ठेवायला निघाले. लांब संवाद आला की नाटकी, पात्र रडलं की नाटकी, पडदा दिसला तर विचारूच नका. तिकडे पॅरिसमध्येही पन्नाशीच्या दशकात तरुण समीक्षकांनी संवादलेखकांच्या सिनेमावर अशीच तलवार उपसली होती. त्यातला पुष्कळसा राग योग्य होता. पण रागाचं सूत्र झालं की माणूस पडद्यावर काय चाललं आहे ते पाहायचंच सोडतो. आमच्या गृहस्थांचं तेच झालं आहे.

त्यांनी काय पाहिलं नाही ते सांगतो. चित्रपटातल्या फ्यूनांब्यूल या नाटकगृहात मूकनाट्यं होतात, कारण या छोट्या नाटकगृहाला बोलकं नाटक करायचा परवाना नाही. रंगमंचावर कोणी आवाज काढला तर त्याला दंड. एका प्रयोगात मूकनट बातीस्त पांढऱ्या चेहऱ्याचा विदूषक, पियेरो, झाला आहे आणि मूकनाट्य ऐन रंगात आलं आहे. तेवढ्यात त्याची नजर विंगेत जाते. तिथे त्याची लाडकी गारान्स फ्रेदेरिक या दुसऱ्या नटाशी हसत बोलत उभी आहे. बातीस्तचा चेहरा थिजतो. पियेरो नाहीसा होतो आणि त्या पांढऱ्या रंगामागचा माणूस तेवढा उरतो. सोबत काम करणाऱ्या नातालीला ते दिसतं, आणि जिथे ब्र काढायची बंदी आहे त्या रंगमंचावर ती त्याचं नाव घेऊन किंचाळते.

आता सांगा, हे नाटकात कसं दिसलं असतं? वरच्या सज्जातल्या प्रेक्षकाला एवढंच कळलं असतं की नट मध्येच थांबला आणि नटी ओरडली. विंगेतली गारान्स त्याला दिसलीच नसती. बातीस्तची नजर आणि ती नजर जिथे पोचते ती जागा, हे दोन्ही एकमेकांपुढे ठेवणं फक्त कॅमेऱ्याला जमतं. ज्या दृश्यात रंगमंच समोर आहे, प्रेक्षक आहेत, रंगवलेला चेहरा आहे, तेच या चित्रपटातलं सर्वांत अस्सल सिनेमाचं दृश्य आहे.

हवं तर आणखी एक घ्या. गुन्हेगार लासनेर तुर्की हमामात गारान्सला आपली करू पाहणाऱ्या काउंटचा खून करतो. तो खून आपल्याला दिसत नाही. कॅमेरा लासनेरच्या साथीदाराच्या, आव्रिलच्या चेहऱ्यावर थांबतो आणि जे घडतं ते आपण त्याच्या डोळ्यांत वाचतो. नाटकात हा खून विंगेत झाला असता आणि कोणीतरी बाहेर येऊन त्याची बातमी दिली असती. इथे बातमी देणारा कोणी नाही. घाबरलेला एक चेहरा आहे, बस्स.

आणि पात्रं नुसती बोलतात? बातीस्तची आपली पहिली ओळख होते तीच मुळी साक्षीदार म्हणून. नाटकगृहाबाहेर गर्दीत एका जाड्या गृहस्थाचं घड्याळ चोरीला जातं आणि आळ गारान्सवर येतो. तेव्हा पिंपावर खुळ्यासारखा बसलेला हा पोरगा उठतो आणि हावभावांनी सगळी चोरी करून दाखवतो : गृहस्थाचं पोट, गारान्सची चाल, चोराचा सफाईदार हात. पोलिसाला शब्द लागत नाहीत. या चित्रपटात खरं बोलण्याचं काम अनेकदा मुक्या माणसाकडे आहे, आणि जाक प्रेव्हेर यांचे सुंदर संवाद बऱ्याचदा खोटं लपवण्यासाठी आहेत. तीन तास ऐकूनही ज्याला हे ऐकू आलं नाही, त्याने कान तपासून घ्यावेत.

मग या चित्रपटाला मी थोर का मानतो? 'पारादी' म्हणजे स्वर्ग, आणि नाटकगृहातला सर्वांत वरचा, सर्वांत स्वस्त सज्जाही. तिथे गर्दी करणारी गरीब माणसं हीच शीर्षकातली 'आँफाँ', म्हणजे लेकरं आहेत. ती कलाकाराला डोक्यावर घेतात आणि ओरडून खालीही उतरवतात. मार्सेल कार्ने यांनी या माणसांवर नटांइतकंच प्रेम केलं आहे. शेवटच्या दृश्यात बातीस्त गारान्सला हाका मारत धावतो आणि जत्रेची बेभान गर्दी त्याला गिळते. ज्या लोकांनी त्याला मोठं केलं तेच त्याच्या वाटेत उभे आहेत. हे पाहताना माझा गळा दाटून येतो. माझं मंडन एवढंच आहे. ते खंडनापेक्षा लहान आहे हे मला कळतं, पण त्यातला एकही शब्द मी मागे घेणार नाही.

त्या गृहस्थांना माझी एक विनंती आहे. चित्रपट पुन्हा लावा. सगळा नको, बातीस्तची नजर विंगेकडे वळते तेवढाच भाग पाहा. आणि मग मला सांगा, ते नाटक होतं की सिनेमा.