परवान्याचे भांडण कोर्टात का जाऊ नये?

बसच्या परवान्यावरून कोणी कोर्टात गेला, की ‘आता अडकली गाडी’ हे ठरलेले उद्गार निघतात. परवाना देणे-नाकारणे हे सरकारचे काम, न्यायाधीशांनी त्यात पडूच नये, असेही म्हटले जाते. कोर्टाने आजवर यात केले काय, हे मात्र कोणी पाहत नाही.

आंध्रातल्या कृष्णा जिल्ह्यात बसमार्गांच्या राष्ट्रीयीकरणाची योजना आली, तेव्हा खासगी बसमालकांच्या हरकती ऐकल्या सचिवाने आणि निर्णय दिला मुख्यमंत्र्यांनी. वर तो सचिव वाहतूक खात्याचाच, म्हणजे वादातल्या एका बाजूचा! गुल्लापल्ली नागेश्वरराव खटल्यात १९५८ साली सर्वोच्च न्यायालयाने ही सुनावणी मोडीत काढली. एकाने ऐकायचे आणि दुसऱ्याने ठरवायचे, तर हरकती मागवायच्या तरी कशाला? मग मुख्यमंत्र्यांनी स्वतः हरकती ऐकल्या. मालक पुन्हा सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५९ मध्ये हरले. राष्ट्रीयीकरण कोर्टाने अडवले कुठे? रीतसर करायला लावले, इतकेच.

आता दुसरी बाजू. कोर्टाची पायरी चढणारा प्रत्येक बसमालक गांजलेला असतो, असे मानायला मी तयार नाही. १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात मार्गावरच्या जुन्या मालकाला नव्या अर्जावर हरकत घेता येई, आणि ती बहुतेक स्वतःचा गल्ला राखण्यासाठीच असे. त्याच्या जागी आलेल्या १९८८ च्या कायद्याने ही सोय काढली. जुने मालक त्यावरही भांडले. मिथिलेश गर्ग खटल्यात १९९१ साली त्यांची डाळ शिजली नाही. मार्गावर स्पर्धक नको, हा काही हक्क नव्हे. कंत्राटी परवान्यावर गाडी काढून थांब्याथांब्यावर प्रवासी भरणारा आणि आरटीओने पकडल्यावर व्यवसायस्वातंत्र्याचा टाहो फोडणारा मालकही याच माळेतला. टप्पा वाहतुकीचा परवाना त्याच्याकडे नसतोच.

म्हणून दरवाजा बंद करायचा का? मुळीच नाही. परवाना नाकारताना कारणे लेखी द्यावीत आणि अर्जदाराला म्हणणे मांडू द्यावे, असे १९८८ चा कायदाच सांगतो. कलम ८९ मध्ये अपिलाचीही तरतूद आहे. परवाना ही साहेबांची मेहेरबानी असती, तर कारणे कोण कोणाला देणार होते? ‘कोर्टात जाऊ नका’ म्हणणारे नकळत त्या साहेबाचीच वकिली करतात.

खरे दुखणे आहे अपिलात मिळणाऱ्या स्थगितीचे. अपील रेंगाळते, मालक आणि आरटीओ एकमेकांना उत्तरे देत बसतात आणि गावातला प्रवासी या वादात पक्षकारही नसतो. अपील चालू असताना त्या मार्गावर गाडी कोण सोडणार, हे स्थगितीच्या आदेशातच लिहायला हवे. चार महिन्यांपर्यंतच्या तात्पुरत्या परवान्याची तरतूद कलम ८७ मध्ये आहेच.