आठवड्याला एक बाटली सांडपाणी

4 डिसेंबर 2021 ला राज्यातला पहिला ओमायक्रॉनबाधित रुग्ण जाहीर झाला आणि तो आमच्या डोंबिवलीचा निघाला. दक्षिण आफ्रिकेहून दुबई, दिल्लीमार्गे 24 नोव्हेंबरला मुंबईत उतरलेला एक प्रवासी. त्या संध्याकाळी फडके रोडवर, रिक्षा स्टँडवर, सोसायटीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर सगळ्यांच्या तोंडी एकच प्रश्न होता: कोण हा, कुठल्या बिल्डिंगमधला? मला तो प्रश्न तेव्हाही लागला आणि आजही लागतो. तो माणूस 8 डिसेंबरला बरा होऊन घरी गेला. कल्याण-डोंबिवली महापालिकेच्या कर्मचाऱ्यांनी त्याच्या संपर्कातल्या माणसांना शोधून तपासलं, सगळे निगेटिव्ह आले. शहराने विचारायला हवं होतं ते तारखांबद्दल. माणूस 24 ला उतरला, विषाणू कुठला हे 4 ला कळलं. मधे दहा दिवस गेले, आणि तेही विमानतळावर नमुना घेतला गेला म्हणून. तपासणीच्या जाळ्यात न सापडलेल्या कुणाबरोबर हाच विषाणू सकाळच्या फास्ट लोकलने दादर-भायखळ्याला पोचला असता, तर आपल्याला कधी कळलं असतं?

जिनोमच्या फाइली वाचणं हा माझा पोटापाण्याचा उद्योग आहे. सिक्वेन्सिंगचं यंत्र अख्खा जिनोम सलग वाचून देत नाही. बहुतेक यंत्रं साधारण दीडशे-दीडशे अक्षरांचे लाखो तुकडे हातात ठेवतात. करोनाचा वुहानमधला मूळ संदर्भ जिनोम 29,903 अक्षरांचा, तर माणसाचा तीनशे कोटींहून मोठा. प्रत्येक तुकडा संदर्भावर कुठे बसतो, एकेका जागी किती तुकडे पडले आणि त्यांत अक्षर कुठे वेगळं दिसतं, हे संगणक शोधतो. करोनाच्या जिनोममध्ये 23,063 व्या जागी ‘ए’ जाऊन ‘टी’ आला, की स्पाइक प्रथिनातलं 501 वं अमिनो आम्ल बदलतं आणि विषाणू आपल्या पेशीला जास्त घट्ट चिकटतो. बदल फक्त एका अक्षराचा. तो एखाद्याच तुकड्यात दिसला तर यंत्राचा दोष असू शकतो. त्या जागेवरच्या जवळपास सगळ्या तुकड्यांत दिसला, तर मानायचा. आमचा बराचसा दिवस काय मानायचं आणि काय नाही हे ठरवण्यात जातो.

डोंबिवलीचा तो नमुना ओमायक्रॉन म्हणून ओळखता आला, कारण बोट्स्वाना आणि दक्षिण आफ्रिकेतल्या शास्त्रज्ञांनी आपल्याकडची अक्षरं तत्काळ जगापुढे ठेवली होती. जागतिक आरोग्य संघटनेने 26 नोव्हेंबरला त्या विषाणूला नाव दिलं. स्पाइकमध्ये तिसाहून अधिक बदल दिसताच लसीमुळे तयार झालेली प्रतिपिंडं याला कमी ओळखतील, असा अंदाज संगणकावर मॉडेलं बनवणाऱ्यांनी बांधला आणि तो खरा ठरला. आजार सौम्य असेल की जीवघेणा, हे मात्र त्या अक्षरांतून कुणाला खात्रीने वाचता आलं नाही. ते तिकडच्या रुग्णालयांतल्या खाटा मोजून कळलं. म्हणून संगणकाने आता सगळं कळतं असं कुणी म्हणू लागलं, की मला राहवत नाही. अलीकडची मॉडेलं थक्क करणारी आहेत, 2025 मध्ये आलेलं ‘अल्फाजिनोम’ एका दमात दहा लाख अक्षरं वाचून कुठला बदल कुठल्या जनुकाच्या कामावर परिणाम करील याचा अंदाज देतं. पण ज्या गावाचा नमुनाच घेतला नाही, त्या गावाबद्दल कुठलंही मॉडेल अवाक्षर काढू शकत नाही.

त्याची किंमत महाराष्ट्राने आधीच मोजली आहे. 24 मार्च 2021 ला केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने सांगितलं, की महाराष्ट्रातल्या नमुन्यांत डिसेंबर 2020 च्या तुलनेत ई484क्यू आणि एल452आर हे दोन बदल वाढलेत आणि 15 ते 20 टक्के नमुन्यांत सापडताहेत. हे बदल ज्यात दिसले त्या बी.1.617 या विषाणू-घराण्यातून पुढे डेल्टा आला. निवेदन निघालं तेव्हा दुसरी लाट राज्यात शिरलेली होती. ती अक्षरं महिनोन् महिने इथे फिरत होती. प्रयोगशाळांकडे जाणारे नमुनेच इतके थोडे होते, की वाढ उठून दिसायला मार्च उजाडला.

माणसाच्या जिनोमचीही तीच गत आहे. जगभर वापरला गेलेला संदर्भ जिनोम सुमारे 70 टक्के एकाच अमेरिकी रक्तदात्याचा आहे. आमच्या शेजारचं उल्हासनगर हे फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या कुटुंबांचं शहर. सिंधी समाजात बीटा थॅलेसेमियाच्या वाहकांचं प्रमाण जास्त आहे आणि त्यांच्यात जिनोममधली 619 अक्षरं सलग गळाल्याचा प्रकार वारंवार आढळतो. एका-दोन अक्षरांचे फरक टिपणाऱ्या प्रोग्रॅमच्या नजरेतून इतकी मोठी गळती सहज निसटते. ती शोधायची हे आधी माहीत असावं लागतं, आणि ते माहीत झालं याच माणसांचं रक्त तपासल्यामुळे. दहा हजार भारतीयांच्या जिनोमची ‘जिनोम इंडिया’ची माहिती 9 जानेवारी 2025 ला संशोधकांना खुली झाली, याचा मला मनापासून आनंद आहे. तो विषय मोठा आहे, स्वतंत्र लेखाचा. आज मला आपल्या महापालिकेकडे एक छोटी गोष्ट मागायची आहे.

मोठागाव आणि बारावे इथे महापालिकेची मलशुद्धीकरण केंद्रं आहेत. तिथे येणाऱ्या सांडपाण्याची दर आठवड्याला एक-एक बाटली भरून जिनोम सिक्वेन्सिंगला पाठवावी आणि निष्कर्ष मराठीत जाहीर करावेत, एवढंच. बाधित माणसाच्या विष्ठेतून विषाणूचे तुकडे बाहेर पडतात, बऱ्याचदा तो डॉक्टरकडे जाण्याआधीपासून आणि कधी तो जातच नसतानाही. अमेरिकेतल्या सॅन डिएगोमध्ये या पद्धतीने नवे व्हेरिअंट रुग्ण-तपासणीच्या 14 दिवसांपर्यंत आधी सापडले. पुण्यात राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा (एनसीएल) आणि पुणे नॉलेज क्लस्टरने सांडपाण्यातल्या करोनावर काम केलं आहे, म्हणजे हे ज्ञान इथून दोन-तीन तासांच्या अंतरावर आहे. मुंबईत तर पोलिओसाठी 2001 पासून सांडपाणी तपासलं जात आलं. परळच्या एन्टेरोव्हायरस रिसर्च सेंटरच्या त्या चिकाटीचा 2014 मध्ये देश पोलिओमुक्त ठरण्यात मोठा वाटा आहे.

यातलं गणित अवघड आहे, ते लपवत नाही. सांडपाण्यातला तुकडा कुणाचा हे कळत नाही आणि त्याच बाटलीत चार-पाच प्रकारचे विषाणू मिसळलेले असतात. वर सांगितलेला 501 चा बदल अल्फातही होता, बीटातही, ओमायक्रॉनमध्येही. तो एकटा दिसला तर काहीच ठरत नाही. म्हणून प्रत्येक जागी किती टक्के तुकडे बदललेले आहेत ते काढायचं आणि कुठले व्हेरिअंट कुठल्या प्रमाणात मिसळले तर नेमके असे आकडे येतील, हे संगणकाकडून सोडवून घ्यायचं. पावसाळ्यात पाणी मिसळून नमुना विरळ होतो. एमआयडीसीच्या रसायनांचा अंश उतरला, तर पीसीआरची रासायनिक क्रियाच अडखळते. शहरालगतच्या 27 गावांत आणि जुन्या वस्त्यांत अनेक ठिकाणी अजून सेप्टिक टँक आहेत, त्यांचं पाणी या केंद्रांत येत नाही. तिथे टँक उपसणाऱ्या गाड्यांमधून नमुने घ्यावे लागतील. नाही घेतले, तर ज्यांच्या दारापासून दवाखाना सर्वांत लांब आहे तेच पुन्हा आकड्यांबाहेर राहतील. हे मला मान्य नाही.

साथ गेली, आता कशाला, असं विचारतील. त्याच बाटलीत फ्लूही सापडतो, पोलिओही आणि औषधांना न जुमानणाऱ्या जिवाणूंची जनुकंही. करोनाचे जिनोम तपासणाऱ्या प्रयोगशाळांचं केंद्राचं जाळं, इन्साकॉग, आहेच की, असंही म्हणतील. आहे, आणि त्याने मोलाचं काम केलं. पण दिल्लीला देशाचा आकडा लागतो आणि आपल्या आरोग्याधिकाऱ्याला आपल्या गावाचा. 2011 च्या जनगणनेतच या महापालिकेची लोकसंख्या साडेबारा लाखांच्या घरात होती आणि रोज लाखो माणसं इथून मुंबईला जाऊन परत येतात. इतक्या माणसांसाठी एक बाटली बोलते आणि त्यात कुणाचं नाव नसतं, बिल्डिंग नसते, कुणाच्या दारावर स्टिकर लागत नाही. डिसेंबर 2021 मध्ये एका घराकडे वळलेली शहराची नजर आठवली, की याचं मोल मला आणखीच वाटतं.

वाचकांनो, नगरसेवक दारी आले की पाणी, रस्ते, कचरा यांबद्दल विचाराच. त्याबरोबर मोठागावच्या केंद्रातून सांडपाण्याचे नमुने सिक्वेन्सिंगला कधीपासून जाणार, हेही विचारा. आणि उत्तर तारखेसह मागा.